खरजेच्या वर्षीची सावड

मेंढीच्या पाठीवर लोकर आहे तोवर तिच्या जिवाला शत्रू फार. गोचीड आहेत, उवा आहेत, पावसात भिजलेल्या लोकरीत माशी बसते आणि आळ्या पडतात. आणि या सगळ्यांच्या वरताण आहे ती खरूज. हे मला लहानपणापासून ठाऊक होतं, तरी मी काळ्या लोकरीची मेंढरं सोडली नाहीत. गावातले लोक म्हणायचे, लोकरीला आता कुत्रं विचारत नाही, घोंगड्या विणणारे दुसऱ्या कामाला लागले, मटणवाल्याला लोकरीचं काही देणंघेणं नाही, मग हे केसाळ लचांड कशाला सांभाळतोस? मी त्यांना वाडवडिलांचं, काटक जनावराचं, उन्हातान्हात टिकणाऱ्या जातीचं काहीबाही ऐकवायचो. ते खोटं नव्हतं. पण खरं कारण दुसरं होतं आणि ते मी कुणाला सांगितलं नव्हतं. लोकर असली की कातरणी असते, आणि कातरणी असली की अक्का येते.

अक्का ही माझी थोरली बहीण. तिला देवणीकडच्या खेड्यात दिलेलं. माझं गाव बिलोलीच्या अलीकडे. मधे देगलूर आणि उदगीर, दोन ठिकाणी बस बदलायची, आणि दोन्हीकडे स्टँडवर ताटकळायचं. दोन्ही घरं मेंढरांची. दाजी वारले तेव्हा सगळ्यांना वाटलं आता अक्का मेंढरं काढून टाकेल. तिनं दाजींची काठी उचलली आणि तेराव्यानंतर कळपामागं निघाली. तिचे दोन्ही मुलगे लातूरला असतात, एक नोकरीत, एक दुकानात. मुलं चांगली आहेत, आईला महिन्याला भेटायला येतात. फक्त घरात आली की नाकाला रुमाल लावल्यासारखा चेहरा करतात, आणि अक्का म्हणते, "लहानपनी ह्याच वासात झोपलेत दोगंबी."

आमच्यात कातरणीची सावड असते. सावड म्हणजे आज मी तुझ्या कामाला येतो, उद्या तू माझ्या कामाला ये. त्यात उपकार नाही आणि आमंत्रणही नाही. कातरणी एकट्या माणसाचं काम नव्हे. एकानं मेंढी पाडून पाय आणि मान धरायची, दुसऱ्यानं कातर चालवायची. धरणाऱ्याचा हात ढिला पडला की मेंढी झटका देते आणि कातर कातडीत घुसते, मग त्या जखमेवर माशी बसते, आणि पुढचं रामायण सुरू. म्हणून धरणारा माणूस भरवशाचा लागतो. वैशाखात मी अक्काकडे जायचो, ती थोरली म्हणून तिची कातरणी आधी. मृगाच्या आत ती माझ्याकडे यायची. दोन-तीन दिवसांचं काम. त्यात तिनं मला शिव्या द्यायच्या, मी तिच्या म्हातारपणावर बोलायचं, आणि आम्ही दोघांनी मिळून माझ्या बायकोची निंदा करायची. बायकोला हे माहीत आहे.

बायको पुण्याला असते. नात सांभाळायला म्हणून गेली ती गेलीच. नात आता शाळेत जाते, तरी सांभाळणं संपलेलं नाही. रोज संध्याकाळी तिचा फोन येतो, "जेवलात का?" मी जेवलो म्हणतो. मग ती विचारते काय केलं होतं, आणि मी काहीतरी भाजीचं नाव घेतो. खरं तर बहुतेक वेळा भाकरी आणि ठेचा असतो. माझ्या गावात मेंढरंवाला आता मी एकटाच उरलोय. बारावीपर्यंत शिकलेलो असल्यामुळे पिशवीत पुस्तक असतं, ते वाचत मी मेंढरांमागं बसतो. मेंढरांशी बोलतो म्हणून पोरं हसतात. मी म्हणतो, मेंढरं निदान मोबाईलमध्ये बघत बघत तरी ऐकत नाहीत. विनोद म्हणून बरा आहे. पण कधी कधी सबंध दिवसात माणसाशी एक वाक्य बोललेलो नसतो, आणि संध्याकाळी फोनवर "हॅलो" म्हणताना माझाच आवाज मला घोगरा वाटतो. एकटेपण हे मी कुणाला सांगत नाही. सांगायला कुणी असतं तर ते राहिलंच नसतं.

त्या वर्षी अक्काची कातरणी उरकून मी परत आलो आणि थोड्याच दिवसांत माझी कानतुटी मेंढी बाभळीला पाठ घासताना दिसली. मेंढी पाठ घासते, त्यात नवल नाही. पण ही घासतच राहिली. बाकीची चरत पुढं गेली तरी हिचं चालूच. त्या बाभळीखाली पंधरवड्यापूर्वी एक परमुलखातला कळप उतरून गेला होता, आणि काट्यांना त्यांच्या लोकरीचे पुंजके अजून लटकत होते. मी जवळ जाऊन तिच्या पाठीवरची लोकर बोटांनी फाकली. खाली कातडी लाल, त्यावर पिवळट खपली, आणि लोकर हातात अशी निघून आली जशी उकडलेल्या रताळ्याची साल. मी तिथं जरा खाजवलं तर ती मान वाकडी करून ओठ चाळवायला लागली, मचमच, मचमच. खरजेची ही खूण.

दुसऱ्या दिवशी जनावरांच्या दवाखान्यातल्या डॉक्टरीणबाई मोटारसायकलवर आल्या. तरुण पोरगी, पण हाताला घाई नाही. तिनं कानतुटीची खपली खरडून डबीत घेतली, बाकीच्या मेंढरांच्या पाठी चाचपल्या, आणखी काहींना लागण निघाली. मग तिनं मला नीट समजावलं. सगळ्यांना सुई टोचायची, लागलेल्यांना आणि न लागलेल्यांनाही. आठवड्यानं परत दुसरी. लोकर शक्य तितक्या लवकर काढायची, म्हणजे वरून औषधाची आंघोळ घालता येईल. काढलेली लोकर ठेवायची नाही, जाळायची. वाड्याच्या खांबांना, कुंपणाला औषध मारायचं.

"आणि काका, एक लक्षात ठेवा," ती म्हणाली. "ही खरूज माणसात राहत नाही, पण माणसाबरोबर जाते. कपड्याला, कातरीला, पोत्याला लोकरीची एक बट चिकटली की तेवढी पुरे. दुसऱ्या कळपवाल्याला इकडं येऊ देऊ नका."

मी विचारलं, "किती दिवस?"

"मी तपासून सांगेपर्यंत."

मग जाता जाता तिनं ते सांगितलं जे सगळेच सांगतात. बिनलोकरीच्या जातीचे नर आणा, दोन-तीन पिढ्यांत कळप बदलेल, ही कटकटच राहणार नाही. तिचं बरोबर होतं. तिच्या जागी मी असतो तर मीही हेच सांगितलं असतं. मी हूं हूं केलं आणि तिला ताक प्यायला दिलं.

त्याच संध्याकाळी मी अक्काला फोन लावला. माझ्या डोक्यात एकच होतं. तिच्या कळपाला खरूज लागली तर तिचे मुलगे एका दिवसात सगळी मेंढरं विकून मोकळे होतील. त्यांना निमित्तच हवं होतं. आणि मेंढरं गेली तर अक्का लातूरच्या तिसऱ्या मजल्यावर जाऊन बसणार, हे तिलाही ठाऊक होतं आणि मलाही.

"अक्का, यंदा येऊ नको," मी म्हणालो. "मेंढरास्नी खरूज लागलीय."

"किती जणींला?"

"हायत बऱ्याच. डॉक्टरीण म्हनली, दुसऱ्या कळपाचं मानूस येऊ देऊ नका."

ती म्हणाली, "माझे गुडघे दुखतेत म्हनून बहाना करून राहिलास व्हय?"

"अक्का, खरंच हाय."

"तू येऊन माझी कातरणी करून गेलास. मी आता घरी बसू? सावड मोडती का कुनी?" असं म्हणून तिनं फोन ठेवला. मला वाटलं रागावली आहे, दोन दिवसांत राग उतरेल. मी मूर्ख. पन्नास वर्षांत त्या बाईला मी ओळखलं नाही.

चौथ्या दिवशी भर दुपारी मी लागलेली मेंढरं वेगळी करून ओढ्याच्या अलीकडे लिंबाखाली बांधली होती. बाभळीकडून कुणीतरी डोक्यावर पदर आणि काखेत गाठोडं घेऊन येताना दिसलं. चालीवरूनच ओळखलं. अक्का उजवा पाय जरा ओढते. मी तिथूनच ओरडलो, "तिकडंच थांब! ओढा ओलांडू नको!" ती थांबली नाही. ओढ्यात पाणी नव्हतं, नुसते गोटे. ती गोट्यांवरून तोल सावरत येत राहिली आणि मी ओरडत राहिलो. खरं सांगतो, ओरडताना मला आनंद झाला होता. घशात एक आणि छातीत दुसरंच चाललं होतं.

ती लिंबाच्या सावलीत आली, गाठोडं ठेवलं, आणि घाम पुसत उभी राहिली. तोंड उन्हानं तांबडंलाल. सावडीला आलेल्या माणसाला आधी घोंगडीवर बसवायचं, पाणी द्यायचं, मग कामाचं बोलायचं, ही आमची रीत. माझ्या हाताला ती इतकी सवय की डोक्याला विचारायचं कामच पडत नाही. समोर घोंगडी पडली होती, ती मी झटकली, अंथरली, "बस" म्हणालो आणि तांब्या भरायला माठाकडे वळलो. अक्का टेकली. पाय लांब केले. "आई गं," म्हणून गुडघ्याला हात लावला.

तांब्या भरता भरता मला आठवलं. गेले चार दिवस सुई देताना, खपल्या काढताना मी मेंढी काट्यांवर पडू नये म्हणून त्याच घोंगडीवर पाडत होतो.

तांब्या माठातच सुटला. "अक्का, ऊठ!"

"काहून?"

"ऊठ म्हणलं ना! घोंगडीवरून ऊठ!"

ती माझ्याकडं बघतच राहिली. मी जाऊन तिचा दंड धरला, तिला उभं केलं, आणि काठीनं ती घोंगडी उचलून लांब भिरकावली. आमच्यात बसलेल्या माणसाखालची घोंगडी ओढणं ही तोंड न उघडता दिलेली शिवी आहे. भांडणातसुद्धा लोक तेवढं करत नाहीत. आणि मी ते थोरल्या बहिणीला केलं, चार तासांचा प्रवास करून आलेल्या, पाणी न प्यायलेल्या.

"आईच्या दहाव्याला आपलं भांडण झालतं," अक्का हळू म्हणाली, "तवाबी माझ्याखालची घोंगडी कुनी काढली नव्हती रं."

मी लिंबाच्या बुंध्याकडं हात केला. कानतुटी तिथं बांधलेली होती, पाठीवर भाकरीएवढा उघडा लाल डाग, लोकर बाजूनं लोंबत असलेली. "तिला त्याच घोंगडीवर पाडलं होतं," मी म्हणालो. "तुझ्या लुगड्याला लागून तुझ्या घरी जाईल म्हनून."

अक्कानं माझ्याकडं बघितलं, मेंढीकडं बघितलं. मग सरळ चालत गेली आणि मी नको नको म्हणेपर्यंत कानतुटीच्या पाठीवर हात ठेवला. जरा खाजवलं. मेंढी मचमच ओठ हलवायला लागली. अक्का हसली. डोळ्यात पाणी होतं तरी हसली. "लई खाज सुटली का गं बये?"

"अक्का, काय केलंस हे!"

"आता लागलं ते लागलं. लुगड्याला लागलं तसं हाताला लागलं." ती पदर खोचायला लागली. "आता ही बरी होऊस्तोर मी घरी जातच न्हाई. जाईन तर धुऊन, उकळून, साफ होऊन जाईन. मग तर झालं? आन पानी दे आता, का तेबी लागतंय मेंढीला?"

तिनं तिथूनच थोरल्या मुलाला फोन लावला. मोबाईल कानाला नीट लागत नाही म्हणून ती नेहमी आवाज मोठा करून बोलते, त्यामुळं मलाही ऐकू आलं. तिनं सांगितलं, मामाच्या मेंढरांना खरूज आहे, आपल्या मेंढरांना लागू नये म्हणून मी पंधरा-वीस दिवस इथंच राहते, तोवर गड्याला सांगून मेंढरं बघा. मुलगा म्हणाला, "राहा ना आई निवांत. घाई करू नको. इकडचं आम्ही बघतो." किती शहाणा मुलगा, असं मला वाटलं. मी तसं बोललोही. अक्का म्हणाली, "माझ्यावर गेलाय."

ते दिवस माझ्या अलीकडच्या जगण्यातले सगळ्यात सुखाचे. मेंढरांना खरूज लागलेली असताना असं म्हणायला लाज वाटते, पण म्हणतो. सकाळी आम्ही कातरणीला बसायचो. मी मेंढी पाडायची, पाय गुडघ्याखाली दाबायचे, मान धरायची, आणि अक्का मानेपासून सुरुवात करून पाठीवरनं कातर नेत जायची. तिची बोटं वाकडी झालीत, पण कातर हातात आली की सरळ चालतात. निरोगी जागेवर सरासर, आणि खपलीशी आली की एकदम हळू, जणू लेकराचं जावळ काढतेय. "हल नको गं, हल नको. तुझ्या मालकाला कळत न्हाई, मला कळतंय." लोकर पडेल तशी मी गोळा करून खड्ड्यात टाकायचो. संध्याकाळी ती जाळायचो. जळत्या लोकरीचा वास घाण असतो, सगळ्या गावाला गेला. सरपंचाचा माणूस विचारायला आला तेव्हा अक्कानं त्याला ओढ्यापलीकडंच थांबवलं आणि एवढा मोठा उपदेश केला की तो परत आला नाही.

ताडपत्रीच्या खड्ड्यात औषधाचं पाणी भरून आम्ही एकेक मेंढी त्यात उतरवली. डोकं वर धरायचं, औषध डोळ्यात-तोंडात जाऊ द्यायचं नाही, आणि अंग मात्र कानामागपर्यंत भिजलं पाहिजे. डॉक्टरीणबाई उभ्या राहून सांगत होत्या. अक्कानं त्यांना विचारलं, "लगीन झालं का?" त्या नाही म्हणाल्या. "मग लवकर कर बाई, न्हाईतर हा वास अंगाला चिकटतो." डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "चिकटलाय हो आजी, आता काय," आणि दोघी खूप हसल्या. मी खड्ड्यात कमरेपर्यंत औषधात उभा, हातात ओली मेंढी, आणि मलाही हसू आवरेना. माझ्या अंगणात इतक्या वर्षांत दोन बायका एकदम हसल्या नव्हत्या.

दुपारी लिंबाखाली बसून अक्का तिच्या मेंढरांबद्दल बोलायची. कोण गाभण आहे, कोण लबाड आहे, कोण नेमकी दुसऱ्याच्या तुरीत घुसते. एक भुरी मेंढी तिच्या मागं घरात यायची आणि चुलीपाशी बसायची म्हणे. "आता मी न्हाई तर कुठं बसत असंल ती?" असं रोज एकदा तरी म्हणायची. तिला परत जायची ओढ लागली होती आणि मला वाटत होतं दुसरी सुई लांबावी. लांबली नाही. आठवड्यानं दुसरी सुई झाली, मग आणखी काही दिवसांनी डॉक्टरीणबाईंनी सगळ्यांच्या पाठी तपासल्या, खपल्या वाळल्या होत्या, खाली नवी लव फुटत होती. त्या म्हणाल्या, "आजी, आता जायला हरकत नाही. पण सगळं उकळून."

अक्कानं सगळं उकळलं. लुगडी, चोळ्या, गाठोड्याचं फडकं, केसांची दोरीसुद्धा. कातर उकळत्या पाण्यात टाकून ठेवली. स्वतः विहिरीवर डोक्यावरून आंघोळ केली आणि माझ्या बायकोची ट्रंकेतली हिरवी साडी नेसून निघाली. ती साडी माझ्या मेंढरांच्या वाऱ्याला कधी गेलेली नव्हती. मी तिला बसपर्यंत सोडायला निघालो तर म्हणाली, "लांबून ये. तुझे कपडे कुठं उकळलेत?" मग ती पुढं आणि मी दहा हात मागं, असे आम्ही फाट्यापर्यंत गेलो. बसमध्ये चढताना तिनं मागं वळून बघितलं आणि ओरडली, "माझ्या एका मेंढीला बी लागू देनार न्हाई बघ!"

पोचल्याचा फोन आला नाही. मी दुसऱ्या दिवशी लावला. बराच वेळ वाजला, मग तिनं उचलला.

"पोचलीस का नीट?"

"पोचले."

"मेंढरं कशी हायत?"

मला वाटलं लाईन गेली. मी दोनदा हॅलो हॅलो केलं.

"आल्याबरुबर घरात न जाता वाड्याकडंच गेले," अक्का म्हणाली. "फाटक उघडं होतं. आत कुनीच न्हाई रं."

मुलांनी मेंढरं विकली होती. सगळी, एका व्यापाऱ्याला, एकाच ट्रकमध्ये. आई घरी असती तर विकू दिलं नसतं, आणि आईला आता आराम हवा, हे दोघांचं जुनं बोलणं होतं. आई पंधरा दिवस घरी नाही, अशी वेळ परत आली नसती. त्यांनी वाईट मनानं केलं नाही. दोघं घरी येऊन थांबले होते, आईला लातूरला न्यायला. तिच्यासाठी खोली रंगवून ठेवली होती.

"एकीच्याबी अंगाला डाग नव्हता म्हनं," अक्का सांगत होती. आवाज अगदी सपाट. "घेनारानं लोकर फाकून फाकून बघितली. लई साफ माल हाय म्हनला. हातोहात गेली."

"तू काय म्हनालीस पोरांना?"

"काय म्हनू? ते म्हनले, आई, तू तर हितं नव्हतीसच."

मी फोन धरून उभा राहिलो. समोर माझी मेंढरं चरत होती, ताजी कातरलेली, बारकी दिसणारी, एकूण एक जिवंत. मला त्यांचा राग आला. विनाकारण एकीला काठी मारली.

नंतर मी अक्काला म्हणालो, तू इकडं ये, अर्धी मेंढरं तुझी. ती म्हणाली, लेकांची घरं असताना भावाच्या दारात राहिले तर लोक लेकांच्या तोंडात शेण घालतील. मी म्हणालो, मग निदान कातरणीला ये. ती म्हणाली, "सावडीला येऊ? तू माझी सावड कशानं फेडशील? माझ्याकडं आता काय हाय कातरायला?" मी किती समजावलं की बहीण-भावात कसली फेडाफेड. पण तिचं खरं होतं. जिथं फेड नाही तिथं सावड नाही, तिथं नुसती मदत असते, आणि अक्कानं आयुष्यात कुणाला मदतीच्या भावनेनं येऊ दिलं नाही आणि स्वतःही गेली नाही.

ती लातूरला राहायला गेली. लातूर माझ्या गावाहून देवणीपेक्षाही लांब, तरी तसं फार नाही. मी दोनदा गेलो. तिसऱ्या मजल्यावर स्वच्छ खोली, पंखा, टीव्ही, सुनेनं केलेला उपमा. अक्का गॅलरीत खुर्चीवर बसलेली. मला बसायला सून खुर्ची घेऊन आली. मी आंघोळ करून, धुतलेले कपडे घालून गेलो होतो, तरी त्या खुर्चीवर बसायला संकोच वाटला. अक्का माझ्या बाहीचा वास घेऊन म्हणाली, "साबनानं धुतलास व्हय?" आणि तोंड फिरवलं.

फोनवर मात्र वर्षभर रोज बोलणं व्हायचं. बायकोचा फोन संध्याकाळी आणि अक्काचा सकाळी. बायकोनं भाजी विचारायची आणि अक्कानं मेंढरं. कुणी घासतंय का? लव किती वाढली? जंताचं औषध पाजलं का पावसाच्या आधी? कानतुटी व्यायली का? मी तिला एकेकीचं सांगायचो. कधी कधी सांगण्यासारखं काही नसलं तर मी बनवून सांगायचो, अमुक मेंढी तुरीत घुसली, मी तिला असं हाकललं. ती खदखदून हसायची आणि त्या मेंढीची बाजू घ्यायची. माझ्या कळपाची ती मालकीण झाली होती, लांबून.

यंदाची कातरणी मी एकट्यानं केली. मेंढीचे चारी पाय दोरीनं बांधून, मान माझ्या मांडीखाली दाबून, एका हातानं कातडी ताणायची आणि दुसऱ्यानं कातर. दोन ठिकाणी कातडीला लागलं, हळद आणि दवाखान्याचं मलम लावून वर माशी बसू नये म्हणून राखण करावी लागली. दोन दिवसांचं काम आठ-दहा दिवस पुरलं. कंबर धरली. पण मृगाच्या आत सगळी कातरून झाली, वरून औषधाची आंघोळही झाली, एकीलाही खरूज नाही, गोचीड नाही. मी खुशीत अक्काला फोन लावला.

"झाली कातरणी," मी म्हणालो. "सगळी साफ हायत."

"झाली?" अक्का म्हणाली. मग विचारलं, "पाय कुनी धरले?"

एकट्यानं केलं असं सांगितलं तर तिला वाईट वाटेल, गुडघेदुखीत बसची वाट बघत स्टँडवर येऊन उभी राहील, म्हणून मी पटकन बोलून गेलो, "लावला एक मानूस. चांगला मिळाला. बेष्ट धरतो."

मी फोन दुसऱ्या कानाला लावला.

"अक्का?"

"बरं झालं," ती म्हणाली. "मानूस मिळाला ते बरं झालं." आणि फोन ठेवला.

तेव्हापासून सकाळी तिचा फोन येत नाही. मी दोन दिवस वाट बघितली. मग वाटलं खरं काय ते सांगून टाकावं, की अक्का, कुणी नव्हतं, दोरीनं बांधले होते, तुझ्यासारखं धरणारं कुणी मिळालं नाही आणि मिळणार नाही. मी तिच्या फोनवर लावला. सुनेनं उचलला.

"मामा, सासूबाई झोपल्यात," ती हळू आवाजात म्हणाली.

सकाळचे अकरा वाजले होते. अक्का आजवर कधी दिवसा आडवी झाली नव्हती.